सात फूट शांतता

यातलं काहीही मी रचलेलं नाही. तारीखसुद्धा आईच्या वहीत आहे. ८ फेब्रुवारी १९९४, मंगळवार, दुपारचे तीन. जागा पश्चिम नेब्रास्कातली, आर्डिस होल्मक्विस्टचं स्वयंपाकघर.

माझी आई रोझलिन सार्वजनिक रेडिओची बातमीदार होती. चार काउंटी, एक जुनी गाडी आणि खांद्याला टेपरेकॉर्डर. लोक तिला 'रेडिओवाली' म्हणत. ती फाटकात दिसली की कॉफी चढायची.

त्या दिवशीची बातमी होती गावातला दवाखाना बंद झाल्याची. आर्डिस त्र्याहत्तर वर्षांची, एकटीच गुरं सांभाळायची. सगळ्यात जवळचं शेजारघर चार मैलांवर.

मुलाखत झाली की आई सगळ्यांना मिनिटभर गप्प बसवायची आणि रिकाम्या खोलीचा आवाज टेपवर घ्यायची. टेप कापली की मधल्या सांध्यात भरायला तो लागतो.

"मिनिटभर गप्प? एव्हर्ट गेल्यापासून मी दुसरं करतेय काय गं?" आर्डिस हसत म्हणाली होती. एव्हर्ट तिचा नवरा.

पण ते शेवटी. त्याआधी आईने विचारलं होतं, "दवाखाना गेला. आता कसं निभावणार?"

आर्डिस बोलली नाही.

भिंतीवरच्या घड्याळाची टिकटिक... तेवढीच.

तिने टेबलाची कड घट्ट धरली होती. बोटं पांढरी पडली होती. आईने ती पाहिली.

मग आर्डिस म्हणाली, "निभावू की. निभावतेच आहे."

बातमी अकरा सेकंद जास्त भरली. संपादक वर्नचं म्हणणं, चार मिनिटं म्हणजे चार मिनिटं. आईने पातं घेतलं आणि ती शांतता कापली. सात फूट फीत. कचऱ्याच्या टोपलीत गेली.

रेडिओवर प्रश्न संपतो न संपतो तोच आर्डिस उत्तर देते. ठणठणीत.

दोन आठवड्यांनी हिमवादळ आलं. तीन दिवस चाललं. चौथ्या दिवशी शेजारचा लाइल सुंडरमन तिच्याकडे पोचला. आर्डिस स्वयंपाकघरातच होती. जाऊन दोन दिवस झाले होते.

दफनानंतर चर्चच्या तळघरात लाइल हातात सँडविच घेऊन आईजवळ आला.

"तुझ्या रेडिओवर ऐकलं होतं गं," तो म्हणाला. "काय फटकन उत्तर दिलं म्हातारीने. म्हटलं, ही आपल्या सगळ्यांना पोचवून मगच जाईल. म्हणून मी आधी माझी वासरं बघितली."

तो दोष देत नव्हता. उलट, चांगली बातमी केलीस म्हणत होता.

आईने मान हलवली.

एप्रिलमध्ये ती एका कुरणात गेली. कुंपणांबद्दल काहीतरी बातमी होती. शेवटी नेहमीसारखं मिनिटभर वाऱ्याचा आवाज घेतला.

केंद्रावर परत येऊन टेप लावली.

वारा होता. आणि वाऱ्याखाली... टिकटिक.

अकरा ठोके. मग कुणीतरी श्वास आत घेतला, बोलण्याआधी घेतात तसा.

पुढे काहीच नाही.

"घड्याळ बंद करत जा गं आधी," वर्न मागून म्हणाला.

ती टेप उघड्या माळावरची आहे, हे तिने त्याला सांगितलं नाही.

त्यानंतर शाळेच्या सभागृहात घेतलेल्या शांततेत तेच. धान्याच्या कोठारातही तेच. आईने घरातली घड्याळं देऊन टाकली. कुणाचं थांबणं पुन्हा कधी कापलं नाही. तिच्या बातम्या लांबायच्या, वर्न कुरकुरायचा, ती ऐकून घ्यायची. पण अकरा ठोके यायचेच.

लाइलला खरं सांगायला हवं, हे तिला कळत होतं. आर्डिसने फटकन उत्तर दिलं नव्हतं. ते फटकन आईने केलं होतं. कितीदा तरी गाडी त्याच्या फाटकापर्यंत गेली आणि वळली.

मला तिने हे सगळं एकदाच सांगितलं, मागच्या शरदात. म्हणाली, "आता लाइलही गेला. कुणाला सांगू?"

मी विषय बदलला.

जानेवारीत एका रविवारी दुपारी मी डेन्व्हरहून फोन केला. गॅसवर सूप उकळत होतं.

"कशी आहेस? निभतंय ना एकटीला?"

ती बोलली नाही.

पलीकडून काहीतरी ऐकू येत होतं... बारीक, एकसारखं. मी सूप ढवळत होते.

"निभावतेच आहे की," ती म्हणाली.

बरं म्हणून मी फोन ठेवला. बुधवारी तिच्या शेजारणीचा फोन आला.

आईच्या घरात टिकटिक करणारं एकही घड्याळ नव्हतं. हे मला दफनाच्या दिवशी आठवलं.

तिच्या कपाटात आर्डिसच्या बातमीची, आईने कापलेली तीच फीत सापडली. केंद्रावर जुनं यंत्र अजून आहे. मी लावून बघितली. डब्यावर आईच्या अक्षरात लिहिलंय, चार मिनिटं.

आधी आवाज बंद ठेवून पळवत मोजली, तर भरली चार मिनिटं अकरा सेकंद. बोटांनी चाचपून पाहिली. कापून जोडल्याचा सांधा कुठेच नाही.

मग सुरुवातीपासून ऐकायला लावली. आईचा प्रश्न आला. मग टिकटिक. मी मोजत गेले. अकरा.

मग तो श्वास.

मी यंत्र बंद केलं.

फीत आता माझ्याकडे आहे. पुढचं मी अजून ऐकलेलं नाही. उत्तर कुणाच्या आवाजात येईल, याची मला खात्री नाही.