पहिल्या सभेची वही

ही गोष्ट २०१८ सालची. नाशिकच्या जुन्या नगर कचेरीचं दप्तर नव्या इमारतीत हलवलं जात होतं. फेब्रुवारीतल्या एका सकाळी वेदिकाने पहिला बस्ता, म्हणजे दप्तराचं गाठोडं, सोडला. तांबड्या कापडात १९११ सालची, या इमारतीतल्या पहिल्या सभेची वही असायला हवी होती. आत होते वहीच्या मापाचे कोरे कागद.

दप्तरखान्याची किल्ली वेदिकाकडे. नोकरी कायम व्हायला एक महिना उरलेला. तासाभरात साहेबांची नोटीस आली. सोमवारपर्यंत वही द्या, नाहीतर घरी जा.

तिने लताबाईंना फोन केला. त्यांनी एकतीस वर्षं हेच दप्तर सांभाळलं होतं. आता त्या एकट्याच राहत. फोन वाजला की आधी वाटे, चुकून लागला असेल.

दुसऱ्या दिवशी त्या आल्या. काळ्या दगडाचा जिना चढून सभागृहाशी थांबल्या. रस्त्यावरच्या पहिल्या दिव्यांसाठी इथे भांडणं झाली होती. प्लेगात गाव रिकामं करायचा ठराव इथेच झाला होता. आता खुर्च्याही उचलल्या होत्या.

"वही शेवटची कधी पाहिलीस?"

"दहा तारखेला, लता मॅडम. यादी करताना. फोटोही आहे."

"त्यानंतर आत कोण आलं?"

"सामान हलवणारा हर्षल. आणि झाडायला खंडेरावकाका."

"कुलूप?"

"शाबूत. मीच उघडून देते."

हर्षल दारातच होता. "माझ्यावर नका घेऊ, मावशी. मी कपाटं उचलतो. ती रद्दी फुकट दिली तरी नको."

"रद्दी कोणाला म्हणतोस रे?"

"बरं, सोनं म्हणतो. तरी नको."

लताबाईंनी बस्ता हातात घेतला. गाठ कडेला होती. कोऱ्या कागदांत वेखंडाचे ताजे तुकडे होते.

"किडीसाठी तू काय ठेवतेस?"

"डांबराच्या गोळ्या."

खंडेराव जिन्याखालच्या खोलीत राहत. शिपाई म्हणून निवृत्त झाले, बायको गेली, तेव्हापासून राखणदार म्हणून इथेच. दोघी तिकडे गेल्या.

"तुम्हाला काही दिसलं, खंडेराव?"

"नाय बाई. झाडलं, पुसलं, भायेर आलो."

"वही सापडलीच नाही तर?"

"तर काय? यादी जुळत नाय तवर इमारतीला कुलूप लागत नाय. सायबच म्हनले."

लताबाई खंडेरावांच्या खाटेवर बसल्या. वेदिका दारात उभी राहिली.

"विकायला नेणारा कोऱ्या कागदांना वेखंड घालत नाही," त्या हळूच म्हणाल्या. "हर्षलने गाठ मधोमध मारली असती. वेदिकाही तशीच मारते. गाठ कडेला घेतली की बस्त्यावर बस्ता सपाट बसतो. ही रीत आता दोघांनाच येते, तुम्हाला आणि मला. वही काढलीत, पण हातांनी रोजचं काम केलंच. आणि यादी जुळू नये असं कोणाला वाटत होतं, ते आत्ता तुम्हीच सांगितलंत."

खंडेरावांनी खाटेखालची पेटी ओढली. धुतलेल्या पंच्यात गुंडाळलेली वही काढून त्यांनी लताबाईंच्या मांडीवर ठेवली.

"कुलूप लागल्यावर मी कुठं जायचं, बाई? चार दिस लांबलं तर बरं, एवढंच वाटलं. पोरीवर येईल हे डोक्यात नाय आलं. नोटीस आली तवापासून घास उतरत नाय."

"काका, मला बोलायचंत तरी!" वेदिकाचा आवाज चिरकला.

"काय बोलू, पोरी? तू कामातली. चा घेती का, एवढंच इचारता येतं."

लताबाईंनी अहवालात एकच ओळ लिहिली. वही इमारतीतच मिळाली. साहेबांनी पुढे विचारलं नाही.

वेदिका कायम झाली. आज ती कळवणला असते. हर्षलने दुसरा टेम्पो घेतला. खंडेराव देवळाली कॅम्पला भाच्याकडे गेले. पहिलं वर्षभर ते दर सोमवारी बसने येऊन कचेरीच्या बंद फाटकाशी बसत, मग येईनासे झाले. इमारतीला पत्रे ठोकलेत. पहिल्या सभेची वही नव्या कचेरीत काचेच्या कपाटात आहे.

लताबाईंना त्यानंतर कोणीच काही शोधायला बोलावलं नाही.