तिसरा पुकारा

खोटं वाटलं तर वाटू द्या. पण गजेंद्र माझा सख्खा मावसभाऊ आहे, आणि थापा मारायची त्याला सवय नाही.

अकोल्यातल्या एका कोर्टात तो शिपाई. गोष्ट मागच्या मार्चची, भर दुपारची.

कोर्टाच्या दारात उभं राहून पक्षकाराचं नाव तीनदा पुकारायचं, ही तिथली रीत. तिसऱ्यालाही कोणी आलं नाही, तर केस खारीज.

त्या दिवशी जेवणाच्या सुट्टीला दोन मिनिटं उरली होती. गजेंद्रला सपाटून भूक लागलेली.

"इंदूबाई किसनराव, हाजिर हो..."

त्याने दोनदाच पुकारलं. आत येऊन म्हणाला, "तीन पुकारे झाले साहेब. कोणी नाही."

बापाच्या वावरातल्या हिश्श्यासाठी नऊ वर्षं चाललेला दावा. एका ओळीत खारीज झाला.

तो बाहेर आला, तर जिन्याच्या कठड्याला धरून इंदूबाई उभी. एका पायाने अधू. धाप लागलेली.

"दोनच झाले ना भाऊ? मी चढता चढता मोजून राहिली होती. साहेबाले सांग ना."

"तीन झाले, मावशी."

आणि हा डबा खायला गेला.

पुढे केस पुन्हा उघडायच्या अर्जासाठी तिचा वकील त्याला खरं विचारायला आला. मेमो मिळेल या भीतीने गजेंद्र तेच बोलला.

पंधरा दिवसांत इंदूबाई वारली.

त्यानंतरच्या सोमवारी त्याने दुसऱ्याच कोणाचं नाव पुकारलं. एकदा. दोनदा.

आणि जिन्यातून आवाज आला... एक चप्पल टेकत, एक घासत.

वाकून पाहिलं. जिना रिकामा.

तिसरा पुकारा दिला की आवाज बंद.

मग रोजच. जिन्याला बावीस पायऱ्या. आवाज रोज एक पायरी वर.

एकविसाव्या दिवशी त्याचा धीर सुटला. त्याने पुकारलं.

"इंदूबाई किसनराव... हाजिर हो."

चप्पल घासत आली. त्याच्या अंगाला लागून... आत गेली.

साहेबांनी लिहिता लिहिता मान वर केली. रिकाम्या कोपऱ्याकडे पाहून म्हणाले, "बाईंना बसायला खुर्ची द्या."

त्याने खुर्ची ठेवली. ती करकरली.

परवा मला म्हणाला, "खुर्ची आजूनही तिथंच हाय. केस तं खारीज झाली. मंग ती कोणाच्या पुकाऱ्याची वाट पाहून राहिली, भाऊ?"



हल्ली कोणी दोनदा हाक मारली, की गजेंद्र धावत जाऊन ओ देतो. तिसरी होऊच देत नाही.

मी तर त्याला एकदाच हाक मारतो.