एकशेदहा घरांचा ठोका

सुखनिवास वसाहतीत तीन वर्षांत एकही भांडण झालं नव्हतं. एकशेदहा घरं, एक सोडून सगळ्यांची दारं फिकट निळी, आणि उन्हाळ्यात गच्चीवर वाळणारी मिरचीसुद्धा एकाच जातीची. ही सगळी किमया मेळमण्याची. कानामागं चिकटवायचा तांदळाएवढा मणी. एकत्र आरती म्हणताना माणसांचे श्वास आणि नाडीचे ठोके आपोआप जुळत येतात. मणी तेच काम दिवसभर करी. शेजाऱ्यांचे ठोके तुमच्या कातडीला हळूच कळवी, तुमचे त्यांना. ठोके जुळले की मतंही जुळत.

मणी नव्हता फक्त द्वारकाबाई गांगुर्ड्यांच्या घरात. त्यांचं दार हळदीसारखं पिवळंधमक होतं. सून सुवर्णा रोज जेवताना म्हणे, "आई, आमटी खारट झाली." "मग तूच कर!" असं द्वारकाबाई ठणकावत, तेव्हा कुठं दोघींना जेवण गोड लागे.

पण बिनमण्याच्या घरची म्हणून नात ओवीला कोणी खेळायला घेईना. एक दिवस पोर जिन्यात एकटीच बसलेली दिसली, आणि द्वारकाबाईंनी मणी बनवणाऱ्या डॉक्टर इरावतीबाईंना बोलावून घेतलं.

"लावा आम्हा तिघींना मणी. पण एवढ्या ठोक्यांत धरायचा कोणाचा?"

"कोणाचाच नाही, आजी. सगळे थोडे थोडे सरकतात, मधे भेटतात."

"आणि एखादी सरकलीच नाही तर?"

"माणूस सरकतोच."

"तुम्ही कधी कांडप केलेलं दिसत नाही. एका उखळात तीन मुसळं पडतात. मी पंचवीस वर्षं मिरची कांडली, ताल सोडला नाही. बाकीच्या दोघी मुकाट माझ्या तालावर यायच्या."

इरावती हसली आणि तिनं तिघींना मणी लावले.

आठवड्यानं ती परत आली, तेव्हा वसाहतीतली सगळी दारं पिवळीधमक झाली होती. ओवी अंगणात पोरींच्या घोळक्यात होती. इरावतीनं जवळच्या यंत्रावरची ठोक्यांची रेघ पाहिली आणि हातच जोडले.

"आजी, एकशेदहा घरं तुमच्या ठोक्यावर चालताहेत. असं काळीज मी पाहिलं नाही."

"सांगितलं होतं ना!" द्वारकाबाई फुलून आल्या. "आता काढू का हा मणी?"

"काढा. पण ताल त्यांच्यात मुरलाय. तो आता सुटायचा नाही."

दुपारी द्वारकाबाईंनी मुद्दाम आमटीत मूठभर मीठ जास्त टाकलं आणि वाट पाहिली. सुवर्णा घास हातात धरून सासूच्या तोंडाकडं बघत राहिली.

शेवटी त्याच म्हणाल्या, "खारट झाली."

"खारटच झाली," सून म्हणाली.

"मग तूच कर!" द्वारकाबाई जिवाच्या आकांतानं ओरडल्या.

आणि उघड्या खिडक्यांतून, एकशेनऊ स्वयंपाकघरांतून, एका दमात आवाज आला, "मग तूच कर!"