शेवटचं अक्षर

दुपारी तीनच्या सुमाराला तो आमच्या खोलीच्या दारात येऊन उभा राहिला. उजव्या मनगटावर पट्टा, ओले केस कपाळाला चिकटलेले आणि डाव्या बुटाची नाडी जमिनीवर लोळत असलेली.

"फिजिओथेरपी हीच का?"

"नाही, ती खाली. ही रेकॉर्डची खोली."

"मग बरोबर आलो. खालच्यांनीच वर हाकललंय. कोडचं काहीतरी आहे म्हणाले." तो जरा घुटमळला. "आणि... एक सांगू? तेवढी नाडी बांधून द्याल? जिन्यात दोनदा आपटता आपटता वाचलो. पहिल्याच अपघाताचं अजून निस्तरायचंय."

मला हसू आलं. मी वाकून नाडी बांधली, चांगली दुहेरी गाठ मारून. वर पाहिलं तर तो माझ्याकडेच बघत होता. एवढ्या जवळून माझ्याकडे कुणी बघून बरेच दिवस झाले होते.

आमचं काम तसं साधं. डॉक्टर लिहितात त्याचे आम्ही कोड करतो, ते विमा कंपनीकडे जातात आणि तिकडून मंजुरी आली की पुढचे उपचार सुरू होतात. इजेच्या कोडला शेवटी एक अक्षर असतं. पहिल्या उपचारांना ए. मग बरं होण्यासाठी ज्या फेऱ्या मारायच्या, त्यांना डी. मी त्याची फाइल उघडली. व्हॅनने स्कूटरला उडवलं होतं, मनगट आणि अंगठ्याचं हाड मोडलं होतं. प्लास्टर काढल्यानंतरच्या फिजिओथेरपीला डीऐवजी ए लागला होता. पहिला उपचार तर कधीच झाला, असं म्हणून कंपनीने फाइल परत पाठवली होती. सहा आठवडे ती तशीच पडून होती.

खाली कोड करणाऱ्याची आद्याक्षरं होती. माझी.

"सापडलं?" त्याने विचारलं.

"हो. एक अक्षर चुकलंय..." मी म्हणाले, "कुणाचंतरी."

"सहा आठवडे मी हात जपून बसलो. मनाने हलवू नका म्हणाले होते ना! मी आज्ञाधारक आहे हो, तोंडावरून वाटत नाही." मग जरा हळू आवाजात म्हणाला, "मी केस कापतो. कात्री अंगठ्यावर चालते. बाकीची बोटं नुसती सोबतीला."

मी अक्षर बदललं. तीन दिवसांत मंजुरी आली. आणि पुढच्या शुक्रवारी फिजिओथेरपी आटोपून तो जिना चढून वर आला, माझे आभार मानायला.

मग दर शुक्रवारी. आमच्या थोरल्या मॅडमनी त्याचं नावच 'शुक्रवार' ठेवलं.

"ही बट कोणी कापली?" एकदा त्याने विचारलं.

"मीच. आरशात बघून."

"वाटलंच. घाईत की रागात?"

"कसं ओळखलंत?"

"घाईत कापलेली सरळ तरी असते." तो हसला. "राहू दे. अंगठा वळू लागला की पहिलं गिऱ्हाईक तुम्ही."

तो मला अंगठा दाखवायचा. आज इतका उघडला... आज करंगळीपर्यंत पोचलाच असता बघा. एका शुक्रवारी त्याने माझा कप उजव्या हाताने उचलला, दोन क्षण धरला आणि विजयी मुद्रेने खाली ठेवला. मी टाळ्या वाजवल्या. तो निघून गेल्यावर मात्र मी डबा तसाच घरी परत नेला.

शेवटी वहिनीला सांगितलं. ती कपड्यांच्या घड्या घालत होती.

"चूक सुधारलीस ना? मग गप्प बस," ती म्हणाली. "तू खरं बोलून त्याचा अंगठा वळणार आहे का?"

"नाही."

"मग कुणासाठी बोलणार आहेस?"

मी उरलेल्या घड्या घालू लागले. पुढच्या शुक्रवारीही त्याला काही सांगितलं नाही.

चौथ्या महिन्यात सर्जनची नोंद आली. हालचाल यापुढे वाढण्याची शक्यता नाही. फिजिओथेरपी उशिरा सुरू झाल्याने सांधा कायमचा आखडला आहे. अशा, मागे राहून गेलेल्या व्यंगाला शेवटी एस लागतो. मी तो लावला. तीनदा तपासला. या वेळी बरोबर होता.

त्या दिवशी तो आत आला नाही, बाहेरच्या बाकावर बसला. मी जाऊन शेजारी बसले.

"कात्री गेली," तो म्हणाला. "ताई म्हणते, दुकानात गल्ल्यावर बस." त्याने अंगठा वळवून पाहिला. "पण एक आहे... त्या अक्षरापायी मी वर आलो आणि तू भेटलीस. मला तू आवडतेस. खूप. ज्या कुणाची ती चूक होती, त्याचे—"

"माझी होती."

त्याला आधी कळलंच नाही.

"ते अक्षर मी चुकवलं होतं."

"कधी कळलं?"

"पहिल्याच दिवशी. तू समोर उभा असताना."

तो उठला. पट्टा नीट केला, जो नीटच होता. "येतो मी," म्हणाला, आणि गेला.

मी थोरल्या मॅडमना चूक लेखी दिली. त्यांनी वाचून कागदाची घडी घातली. "असं कुणाचंही होतं गं," म्हणाल्या. मला ते ऐकायचं नव्हतं.

तीन शुक्रवार तो आला नाही. चौथ्या आठवड्यात, मंगळवारी, फाइलच्या प्रती न्यायला आला. दवाखाना बदलत होता.

"राग आहे?" मी विचारलं.

"चुकीचा नाही. मीही एका नवरदेवाचा अर्धा कल्ला उडवला होता, ऐन लग्नाच्या सकाळी." तो हसला नाही. "मी दर शुक्रवारी तुम्हाला अंगठा दाखवायचो. आणि तुम्ही... टाळ्या वाजवायचात."

बाकावर 'तू' म्हणाला होता. आता पुन्हा 'तुम्ही'.

"मलाही तू आवडतोस," मी म्हणाले. "हे त्या दिवशी सांगायचं राहिलं."

"माहीत आहे मला." त्याचे डोळे भरून आले होते. "तेच तर अवघड आहे. नुसती चूक असती तर मी कधीच परत आलो असतो."

मी प्रतींचं पाकीट पुढे केलं. त्याने ते डाव्या हाताने घेतलं, काखेत धरलं आणि जिना उतरला. समोरच्या थांब्यावर बस लागली होती. तो चढला, खिडकीपाशी बसला, पण वर पाहिलं नाही. बस वळेपर्यंत मी जिन्यात उभी राहिले.

मग खाली फिजिओथेरपीत जाऊन त्याच्या शुक्रवारच्या राहिलेल्या वेळा रद्द केल्या. त्या वेळांसाठी माणसं बाहेर ताटकळत होती.