रोज एक नाव

“रोसेंदा?”

“नाही.”

“मग फिलोमेना!” चुलीपाशी बसलेला वाल्दो म्हणाला. “चेहऱ्यावरनं तरी फिलोमेनाच वाटतेस.”

नीना हसली. तव्यावरची मक्याची भाकरी तिने बोटांनीच उलटली. पाऊस ओसरून ऑक्टोबरचा वारा सुटला होता... मोरासानच्या डोंगरात या वाऱ्यावर पोरं पतंग उडवत. यादवीच्या या चौथ्या वर्षी आकाशात सरकारी विमानंच फिरत. पण त्या सकाळी तीही नव्हती.

सात महिन्यांपूर्वी खंदक खणताना वाल्दो घसरला, तो चिखलासकट तिच्या अंगावर.

“माफ कर हं. नाव काय तुझं?”

“नीना.”

“हे लढाईतलं. आईनं ठेवलेलं कोणतं?”

बंडखोरांच्या तळावर खरं नाव कुणी सांगत नसे. पकडला गेलेला साथी, ठाऊकच नसलेलं नाव सांगणार कसा? मग वाल्दोने तोड काढली – विचारायचं नाही, ओळखायचं. रोज सकाळी चुलीपाशी बसून.

आज त्याला नदीपलीकडून, ती चालवत असे त्या वायरलेससाठी बॅटऱ्या आणायच्या होत्या. बंदूक खांद्याला अडकवून तो निघाला, दोन पावलांवर थबकला.

“एक राहिलं... एलोदिया?”

तिचं बोट तव्याला टेकलं.

“छे! आज्यांची नावं ही.”

“भाजलं ना?”

“नाही.”

“बोट खोटं बोलतंय, की तू?”

“जा रे आता! उद्या ये नवीन नाव घेऊन.”

हो म्हटलं असतं, तर खेळच संपला असता. मग उद्या तो चुलीपाशी कशाला आला असता?

दुपारी नदीच्या उतारावर विमानाने त्याला गाठलं. बॅटऱ्या आल्या... त्याच्या शर्टात गुंडाळलेल्या, कोरड्या.

ऊन कलताना सगळे खड्ड्याभोवती उभे राहिले. तुकडीच्या प्रमुखाने पुकारलं, “साथी वाल्दो!”

“हजर!” गेलेल्याच्या वतीने सगळ्यांनी ओ द्यायची, ही तिथली रीत.

माती लोटून झाली. माणसं पांगली. ती खाली बसली आणि भाजलेलं बोट तिने ओल्या मातीवर टेकवलं.

“ओळखलंस तू,” ती मोठ्याने म्हणाली. “एलोदियाच. आणि या एलोदियाचा जीव जडलाय रे तुझ्यावर... आता एकदा हाक मार ना.”