बाबांच्या छातीत कळ

“काका, पोरीचा हात सोडा जरा. नाही तं मशीनमंदून दोघायचं काळीज एकाच कागदावर येईन!”

अकोल्याच्या त्या दवाखान्यात ईसीजी काढणारा चंदन हसत म्हणाला आणि रागिणीने वर पाहिलं. बस्स... तिथंच घोटाळा झाला.

तिचे बाबा ओमप्रकाश, वलगावचे झेंडूवाले. गडी असा की दगड पचवेल! पण साधा ढेकर आला तरी त्यांना हार्टचा झटका वाटायचा. आई, पार्बताबाई, काढे उकळून उकळून थकली. जवळच्या अमरावतीत न दाखवलेला डॉक्टर उरला नव्हता. कारण “तुम्हाला काही झालेलं नाही” म्हणणाऱ्याची पायरी बाबा पुन्हा चढत नसत.

अकोल्याचे डॉक्टर मात्र म्हणाले, “बघू, पुन्हा या.” मग काय विचारता! बाबांना कळ आली की रागिणीच आधी तयार. अन् आठवडा कोरडा गेला की फुलं तोडता तोडता म्हणायची, देवा, येऊ दे ना एखादी कळ... लगेच जीभ चावायची. पण मन ऐकतंय होय! दिवसभर तिला चंदनचाच आवाज ऐकू यायचा.

“लय दिवस लावले?” चंदन हळूच विचारायचा.

“बाबा बरे होते.”

“अरेरे...”

दोघंही ओठ दाबून हसायची.

एके दिवशी डॉक्टर म्हणाले, “ओमप्रकाशजी, तुम्ही ठणठणीत आहात. आता येऊ नका.”

बाबा ताडकन उठले. “चाल रागिणी! या डाक्टरले काई समजत नाई.”

रागिणीला वाटलं, अकोला संपलं.

स्टँडवर बाबा गाडीत बसले, तोच चंदन धापा टाकत आला.

“सापडलं का काई?” बाबांनी खिडकीतून मोठ्या आशेनं विचारलं.

“नाही काका. मी... रागिणीसाठी आलो. मागणी घालाले घरी येऊ?”

बाबांनी छाती धरली. “हिचं लगन झालं तं मले दवाखान्यात कोन नेईन? पाह्य, आली कळ! चढ रागिणी!”

आजवर आलेली सगळी स्थळं याच कळेनं परत गेली होती. तेव्हा तिला काहीच वाटलं नव्हतं. आज मात्र डोळे भरून आले.

“बाबा, तुमाले काई झालं नाई,” ती म्हणाली. “अन् तुमी याले हो म्हनल्याबिगर मी चढत नाई.”

तिचे भरलेले डोळे पाहून बाबांचा छातीवरचा हात खाली आला. मग खिडकीतून चंदनवर खेकसले, “ये रविवारी! पन मले बरा म्हनाचं नाई, सांगून ठेवतो!”

गाडी सुटली. मागे धुळीत चंदन हात हलवत उभा होता. रागिणीला हसू आलं, रडूही आलं... रविवार अजून किती लांब होता!