बेवारस कप्प्यातली फाइल

बस, दिवा राहू दे. हसायचं असेल तर आत्ताच हसून घे.

१९८६ साली मी ठाण्यात एका सरकारी कचेरीच्या रेकॉर्ड रूमला होतो. कागद आला की आधी त्याचा विषय ठरवायचा, मग तो साधा की गोपनीय ते. या कामाची मला फार ऐट होती.

कोपरीच्या मनुबाई कोळणीचा मुलगा नाथा खाडीत बुडाला. त्याच्या होडीला सरकारी लाँचची धडक बसली होती. प्रेत बेवारस म्हणून पुरलं, ओळख पटली ती नंतर. पंचनामा साधा होता, लाँचच्या चौकशीचा अहवाल गोपनीय. दोन्ही वेगळे ठेवायचे, तर मी आळसाने एकाच फाइलला लावले. एक पान गोपनीय, की अख्खी फाइल गोपनीय. तसा नियमच होता.

मनुबाई दर सोमवारी यायची.

"दादा, माज्या नाथाला कुटं पुरलाय, तवरा सांग. दुसरा काय नको."

"फाइल गोपनीय आहे, मावशी."

पुरल्याची जागा पंचनाम्यातच होती, मला तोंडपाठ होती. पण पानं सुटी करायची तर चूक कबूल करावी लागली असती, आणि माझं प्रमोशन तोंडावर आलं होतं. दोन वर्षं मी त्या माउलीला परत पाठवलं. मग एका सोमवारी तिची शेजारीण हेमा आली. "मनुबाय गेली," एवढंच बोलली.

दुसऱ्या दिवसापासून फाइल जागेवर राहीना. संध्याकाळी मी ती 'बेवारस प्रेते' या कप्प्यात ठेवायचो, सकाळी 'वारस नोंदी'त सापडायची. ओली. खोलीभर खाडीच्या गाळाचा वास. आणि किल्ली तर माझ्याच खिशात.

आठव्या दिवशी, भर दुपारी, त्या बेवारसांच्या कप्प्यातून पाणी ठिबकू लागलं... माझ्या मागे कुणीतरी उभं होतं. मी वळलो नाही. भीतीपेक्षा लाज जास्त वाटत होती.

"मावशी..." मी फाइल उघडली. "बाळकुमच्या मसणवट्यात... खाडीकडच्या कुंपणाशी... चिंचेखाली..."

मग मागून, अगदी हळू...

"सावली हाय म्हनजे..."

ठिबकणं थांबलं. मी टेबलावर डोकं टेकून ढसाढसा रडलो.

फाइल बंद करताना पंचनाम्याचा फोटो दिसला. मीच तो डिंकाने चिकटवला होता. चिखलात उताणा, एकटा पडलेला नाथा.

आता त्याचं डोकं कुणाच्या तरी मांडीवर होतं.